सरकारी कार्यालयाचे थकलेले भाडे : दाव्याआधीची नोटीस

सरकारी खात्याला जागा दिली की भाडे वर्षानुवर्षे थकते आणि घाईने केलेला दावा केवळ नोटीस नीट न दिल्यामुळे फेटाळला जातो.

राज्य सरकारच्या खात्याविरुद्ध दावा करण्याआधी दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ८० नुसार लेखी नोटीस देऊन दोन महिने थांबावे लागते. ही नोटीस नुसती भाडेकरू कार्यालयात देऊन भागत नाही. ती संबंधित सचिवांच्या किंवा जिल्ह्याच्या जिल्हाधिकाऱ्यांच्या कार्यालयात पोहोचवावी आणि आपल्या प्रतीवर तारखेसह आवक शिक्का घ्यावा. तारीख पुसट उमटली, तर तिथेच शिक्का पुन्हा मारून मागावा, कारण पुढे तोच पुरावा ठरतो. नोटिशीत आपले नाव, पत्ता, दाव्याचे कारण आणि महिनावार थकबाकीसह मागणी हवी. दाव्यात प्रतिवादी म्हणून ‘महाराष्ट्र राज्य’ असे लिहावे आणि नोटीस दिल्याचे नमूद करावे.

सर्वांत उपयोगी पडते ते एक साधे पत्र. ‘अनुदान प्राप्त होताच थकीत भाडे अदा करण्यात येईल’ असे अधिकृत अधिकाऱ्याच्या सहीने व तारखेने, दावा करण्याच्या मुदतीच्या आत लिहून घेतले, तर त्या तारखेपासून तीन वर्षांची मुदत नव्याने मोजली जाते.

मात्र प्रत्येक महिन्याच्या भाड्याची तीन वर्षांची मुदत वेगळी धावते. नोटिशीचा काळ त्यातून वगळला जातो, पण तोंडी आश्वासनावर घालवलेला काळ वगळला जात नाही.