परदेशी मदतीची बातमी उसाच्या बिलासारखी वाचा

पुतण्या राजारामपुरीतल्या अभ्यासिकेत बसतो. परवा जेवताना पेपर पुढं सरकवून म्हणाला, "तात्या, युद्धातून निघालेल्या देशाला मदत म्हणून एवढे अब्ज डॉलर जाहीर झाले, आता तो देश उभाच राहिला की." मी ३१ वर्षं करवीर तालुक्यात सेवा सोसायटीचा सचिव होतो. मोठ्या आकड्याला भुललेली माणसं रग्गड बघितली आहेत. म्हटलं, आधी भाकरी संपव, मग सांगतो.

कारखान्याचं बिल हातात आलं की टनाचा दर बघतोच, पण बोट लगेच कपातीच्या रकान्यावर जातं. युद्धानंतरच्या मदतीची बातमीही तशीच वाचायची.

सगळ्यात आधी क्रियापद बघा. मंजुरी वेगळी, उचल वेगळी. जानेवारी २००२ मध्ये टोकियोच्या परिषदेत अफगाणिस्तानसाठी साडेचार अब्ज डॉलरची आश्वासनं झाली आणि मथळ्यात तोच आकडा झळकला. त्यातले पहिल्या वर्षाचे होते १.८ अब्ज. बाकीचे पुढच्या वर्षांचे. 'दिले' आणि 'देऊ' यांखाली वेगवेगळ्या रंगाच्या रेघा मारा.

मग कर्ज की अनुदान ते शोधा. कर्ज म्हणजे वाईटच असं नाही. जागतिक बँकेची आयडीए ही शाखा १९६० ची. तिची सुरुवातीची कर्जं ५० वर्षांची, पहिली १० वर्षं मुद्दल भरायचं नाही, व्याज नाही, फक्त पाऊण टक्का सेवाशुल्क. असलं कर्ज आमच्या सभासदांना मिळालं असतं तर त्यांनी गुलाल उधळला असता. पण बाजारभावाच्या व्याजाचं कर्ज 'मदत' म्हणून छापलं असेल, तर तिथं लाल पेन्सिल चालवा.

तिसरी गोष्ट, माल कुठून घ्यायचा. वडिलांना एका योजनेत पाण्याच्या मोटारीवर सूट मिळाली होती. अट एवढीच की यादीतल्या दुकानातूनच घ्यायची. तिथली किंमत बाहेरच्यापेक्षा एवढी चढी, की सूट दुकानदाराच्याच गल्ल्यात गेली. वर मोटार पहिल्याच उन्हाळ्यात जळाली. देशांच्या मदतीतही हे चालतं. देणारा देश म्हणतो, पैसा आमचा, पण जहाज, यंत्रं आणि सल्लागारही आमचेच. त्याला बांधील मदत म्हणतात.

आता खरी मेख. पैसा एकदा खर्च झाल्यावर मागं काय उरतं? १९४८ ते १९५२ या काळात मार्शल योजनेतून अमेरिकेनं पश्चिम युरोपला सुमारे १३ अब्ज डॉलर दिले. बराचसा माल होता : गहू, कापूस, कोळसा, यंत्रं. तिकडच्या गिरणीवाल्याला कापूस फुकट मिळत नव्हता. तो आपल्या चलनात पैसे भरायचा, ते सरकारच्या वेगळ्या खात्यात जमायचे आणि त्यातून देशातलीच कामं व्हायची. पश्चिम जर्मनीत या निधीतून केएफडब्ल्यू या बँकेनं कारखान्यांना, घरबांधणीला कर्जं दिली. वसूल झालं की पुन्हा वाटप. अगदी सोसायटीसारखं, फक्त वसुली आमच्यापेक्षा बरी! त्याच बँकेनं पुढं आपल्या नागपूर मेट्रोला ५० कोटी युरोचं कर्ज दिलं.

आपल्याकडं पीएल-४८० या अमेरिकी कायद्याखाली गहू आला, तोही रुपयांत. पण ते रुपये अमेरिकेच्या नावावर साचत गेले. शेवटी १९७४ मध्ये अमेरिकेनं १,६६४ कोटींचा चेक भारताला परत केला. शिवाय १९६५ च्या युद्धानंतर आणि दुष्काळात तोच गहू महिन्या-महिन्याच्या हिशेबानं सुटायचा, म्हणजे दोरी त्यांच्या हातात. म्हणून 'पुढचा हप्ता कोण अडवू शकतो?' हाही प्रश्न वहीत लिहा.

मात्र मार्शलचा दाखला गरीब देशाला जसाच्या तसा लावू नका. युरोपात इमारती पडल्या होत्या. इंजिनिअर, कारकून, हिशेब ठेवायची सवय शिल्लक होती. दक्षिण कोरियाकडं तेवढंही नव्हतं. तिथं मदतीच्या जोडीला जमिनीचं फेरवाटप झालं, शाळा वाढल्या. २०१० मध्ये तो देश देणाऱ्यांच्या समितीत जाऊन बसला.

पैसा कुणाच्या हातात पडतो, हे शेवटी बघा. श्रीलंकेतलं युद्ध २००९ मध्ये संपल्यावर भारतानं ५०,००० घरांचं काम घेतलं. पहिली हजार घरं ठेकेदारांकडून. नंतर बहुतेक ठिकाणी पैसे टप्प्याटप्प्यानं थेट घरमालकाच्या खात्यात, पाया झाला की पुढचा हप्ता. घरकुलाचे हप्ते बघितलेल्याला हे वेगळं सांगायला नको.

सरावासाठी लांब जायला नको. आमच्या कोल्हापुरातल्या महावीर उद्यानात पोलिश लोकांचं स्मारक आहे. १९४३ ते १९४८ या काळात वळिवड्याच्या छावणीत सुमारे पाच हजार पोलिश निर्वासित राहिले, बहुतेक बायका आणि मुलं. फाळणीनंतर तिथंच सिंधी निर्वासित आले आणि गांधीनगर झालं. वहीत चार रकाने आखा : कुणी दिलं, कसं दिलं, कुणाच्या हातात पडलं, मागं काय उरलं.

पुतण्यानं रविवारी हे केलं. तीन रकाने पेन्सिलीनं भरले. चौथ्यापुढं काही लिहिलं नव्हतं, पण गांधीनगरातून येताना घाऊक भावात दोन शर्ट आणले होते.