निवेदनाशिवाय माहितीपट: एखाद्या जागेचं रोजचं जगणं कसं टिपावं

निवेदन नाही, मुलाखती नाहीत, पार्श्वसंगीतही नाही. समोर घडतंय तेवढ्यातूनच गोष्ट उभी करायची. १९६०च्या सुमारास खांद्यावर पेलतील असे १६ एमएम (१६ मिमी रुंद फिल्मचे) कॅमेरे आणि त्यांच्याशी जुळवून चालणारे, सोबत नेता येणारे ध्वनिमुद्रक आले आणि हे शक्य झालं. आज साधनं सोपी आहेत, अवघड आहे ते थांबून राहणं.

१. जागा लहान निवडा. ‘गावाचं जीवन’ हा विषय फार पसरट. एक शाळा, बोटींचा एक धक्का, कारखान्याची एक पाळी पुरे. तिथल्या कामाला सुरुवात आणि शेवट असला की तुमच्या प्रसंगालाही तो आपोआप मिळतो.

२. आधी कॅमेरा न घेता जा. कोण कधी येतं, कोणाचं कोणाशी बोलणं बंद आहे, हे कळू द्या. प्रमुखाने होकार दिला म्हणजे सगळ्यांनी दिला असं नाही. प्रत्येकाला वेगळं विचारा आणि नकार नंतरही देता येईल हे सांगा. मुलांसाठी पालकांची लेखी संमती घ्या.

३. दोनच माणसं जा: एक कॅमेऱ्यावर, एक आवाजावर. फुल फ्रेम (मोठ्या सेन्सरच्या) कॅमेऱ्याला २४ ते ३५ मिमीची, म्हणजे रुंद दृश्य टिपणारी लेन्स लावा आणि जवळ उभे राहा. लांबून झूम केलेला शॉट चोरून पाहिल्यासारखा वाटतो. पैसे वाचवायचेच असतील तर कॅमेऱ्यात वाचवा, माइकमध्ये नको.

४. आता मुख्य काम. १६ एमएमचा ४०० फुटी रोल जेमतेम ११ मिनिटं चालायचा, त्यामुळे बटण दाबण्याआधी विचार व्हायचा. मेमरी कार्डाने ती सवय घालवली. काय घडेल याचा अंदाज बांधा, मगच सुरू करा. पण एकदा सुरू केलंत की घाईने बंद करू नका. भांडण संपल्यावर माणूस खुर्ची सरकवून बसतो, तिथे खरा प्रसंग असतो. प्रत्येक वाक्याला कॅमेरा बोलणाऱ्याकडे वळवलात तर कायम उशिराच पोचाल. ऐकणाऱ्याच्या चेहऱ्यावर थांबा. संकलनात संवाद आखडायला तोच शॉट उपयोगी पडतो. ‘पुन्हा एकदा करून दाखवता का?’ असं कधीच विचारू नका. कोणी तुमच्याशी बोललं तर मात्र उत्तर द्या, पुतळा होऊन उभं राहणं उद्धटपणाचं दिसतं.

५. प्रत्येक ठिकाणचा नुसता आवाज मिनिटभर घ्या. रोज रात्री फुटेज पाहून नोंदी करा, दोन प्रती ठेवा.

६. संकलनात जपून. निवेदन नसलं तरी मत असतंच, ते क्रमात लपलेलं असतं. सोमवारचं हसू गुरुवारच्या अपघातानंतर जोडलंत, तर तुम्ही एका माणसाला क्रूर ठरवलंत.

७. प्रदर्शनाआधी चित्रपट त्याच माणसांना दाखवा. काय खोटं वाटतं आणि कशाने त्रास होईल, हे वेगवेगळं विचारा. खोट्याबद्दल वाद घालता येईल. त्रास होणार असेल तर शॉट काढून टाका. चेहरा धूसर करून भागत नाही, शेजारीपाजारी चालीवरूनही ओळखतात.