डाव्या दिव्याचा बल्ब बदलला

रावेरहून रात्री परतताना समोरच्या केळीच्या ट्रकने दोनदा डिपर दिला, तेव्हा कळलं की आपला डावा दिवा बंद आहे. एकाच दिव्याची गाडी लांबून मोटरसायकल वाटते, आणि त्या अरुंद रस्त्यावर ते जिवावर बेततं. सावद्याला थांबून फ्यूज पाहिला, तो शाबूत होता.

दुसऱ्या दिवशी जळगावात दुकानदार म्हणाला, "भाऊ, १००/९० वॅटचा टाका, लख्ख उजेड पडेल." मी ठाम नाही म्हटलं. मूळ बल्ब एच-४ प्रकारचा, १२ व्होल्ट, ६०/५५ वॅटचा, म्हणजे लांबच्या झोताला ६० आणि जवळच्याला ५५. जास्त वॅटचा लावला की करंट वाढतो, होल्डर आणि वायरिंग तापून वितळतं. त्याच मापाची जोडीच घेतली. दोन्ही एकाच वयाचे, उजवाही फार टिकला नसता.

इंजिन थंड झाल्यावर सॉकेट ओढलं, रबरी टोपण काढलं. खरी कसरत तारेच्या क्लिपची. हात जेमतेम जातो, दिसत काहीच नाही. मोबाइलने आतला फोटो काढला तेव्हा तिची अडकण समजली.

नव्या बल्बच्या काचेला बोट लावू नका. बोटाचा तेलकटपणा तिथे जास्त तापतो आणि बल्ब लवकर जातो. आपल्याकडच्या मे महिन्यात हात कोरडे राहतात कुठे? मी स्वच्छ रुमालात, धातूच्या बुडाशी धरूनच बसवला. बुडाच्या कडेचा रुंद कान वर.

संध्याकाळी भिंतीवर उजेड टाकून पाहिला. दोन्ही रेषा एका उंचीला.