लायसन हरवलंय? डुप्लिकेट काढताना या चुका टाळा

पाकीट हरवलं की बँकेची कार्डं बंद करायला आपण लगेच धावतो. लायसनकडे मात्र पुढचे कितीतरी दिवस लक्ष जात नाही. मग एखाद्या नाक्यावर वाहतूक पोलीस गाडी बाजूला घ्यायला सांगतात आणि तिथून धावपळ सुरू होते. ओळखीतला एजंट, कुणाच्या तरी चुलत्याचा आरटीओतला माणूस, व्हॉट्सअ‍ॅपवर आलेली लिंक, जे समोर येईल ते लोक धरतात. खरं तर महाराष्ट्रात डुप्लिकेट लायसन हे आज आरटीओच्या सोप्या कामांपैकी एक आहे. ही सेवा आता फेसलेस आहे, म्हणजे आधार क्रमांकाने ओळख पटली की अर्ज, पैसे, तपासणी सगळं घरबसल्या होतं आणि कार्ड पोस्टाने येतं. अडकतात ते अर्ज घाईत केलेल्या चुकांमुळे, आणि त्या चुका निस्तरायला मूळ कामापेक्षा जास्त वेळ जातो.

‘नवीनच काढून टाका’ हा सल्ला ऐकू नका

ही सगळ्यात महागात पडणारी चूक, म्हणून आधी हीच. लायसनचा नंबर आठवत नाही, झेरॉक्स सापडत नाही, अशा वेळी काही एजंट सरळ सांगतात की जुनं विसरा, लर्निंगपासून नवीन काढून देतो. हे कधीही करू नका. मोटार वाहन कायद्याच्या कलम ६ प्रमाणे एका माणसाकडे एका वेळी एकच लायसन असू शकतं. तुमचं जुनं लायसन सारथी या केंद्रीय प्रणालीत नोंदवलेलं आहे आणि कार्ड गटारात पडलं तरी ती नोंद तशीच राहते. लायसन म्हणजे मुळात ती नोंद, कार्ड ही तिची छापील प्रत. नवीन लायसनच्या अर्जात तुम्ही ‘माझ्याकडे आधी लायसन नव्हतं’ असं लिहून देता आणि तिथेच खोटं विधान सहीनिशी नोंदवलं जातं. पुढे अपघाताचा दावा उभा राहिला, तर विमा कंपनी लायसनचा इतिहास तपासते. शिवाय जुन्या लायसनवर दुचाकी, मोटार आणि ट्रान्सपोर्ट असे वर्ग असतील तर ते मिळवायला जी वर्षं गेली ती हातची जातात.

नोंद शाबूत आहे याचा दुसरा फायदा असा, की कार्ड येईपर्यंत गाडी घरी लावून ठेवायची गरज नाही. डिजिलॉकर किंवा एमपरिवहन या सरकारी अ‍ॅपमध्ये उतरवलेलं लायसन कार्डाइतकंच ग्राह्य आहे. केंद्राने २०१८ मध्ये केंद्रीय मोटार वाहन नियमांतला नियम १३९ बदलून कागदपत्रं इलेक्ट्रॉनिक स्वरूपात दाखवण्याची तरतूद केली. पण इथेही एक चूक सर्रास होते. लोक गॅलरीतला कार्डाचा फोटो किंवा डिजिलॉकरचा स्क्रीनशॉट दाखवतात आणि पोलिसांनी तो नाकारला की वाद घालतात. फोटो कुणाचाही आणि कधीचाही असू शकतो, त्यामुळे पोलिसांचं म्हणणं बरोबर असतं. अ‍ॅप उघडूनच दाखवा. नेट चालत नाही अशा घाटात किंवा खेड्यात जायचं असेल तर निघण्याआधी अ‍ॅपमध्ये लायसन उघडतंय का ते बघून घ्या.

हरवलं की चोरीला गेलं, हे नीट ठरवा

गर्दीच्या लोकलमध्ये खिसा कापला गेला, पण ‘कटकट नको’ म्हणून ऑनलाइन ‘हरवलं’ अशी नोंद केली, असं खूप होतं. ह्या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. वस्तू हरवल्याची नोंद महाराष्ट्र पोलिसांच्या संकेतस्थळावरून घरबसल्या करता येते आणि तिची प्रत लगेच मिळते. ही सोय चोरीसाठी नाही. चोरी झाली असेल तर पोलीस ठाण्यात एफआयआर द्या. घटना दुसऱ्या हद्दीतली आहे म्हणून तुम्हाला परत पाठवता येत नाही. १ जुलै २०२४ पासून लागू असलेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेत, गुन्हा कुठल्याही हद्दीत घडला असला तरी माहिती नोंदवून घ्यावी लागते. फिर्यादीची प्रत मोफत मिळते, ती मागून घ्या.

‘अर्ज भरायचं सारथीचं पोर्टल पोलिसांचा रिपोर्ट मागतच नाही, मग कशाला करू?’ असाही प्रश्न येतो. रिपोर्ट आरटीओपेक्षा तुमच्यासाठी जास्त महत्त्वाचा आहे. लायसन हा ओळखीचा पुरावा आहे. त्यावर तुमचं नाव, जन्मतारीख, पत्ता, फोटो सगळं आहे. उद्या कुणी ते दाखवून खोली भाड्याने घेतली किंवा गाडी नेली, तर अमुक तारखेला हे कार्ड माझ्या हातात नव्हतं हे सांगायला तुमच्याकडे कागद हवा. म्हणून कार्ड हरवल्याचं कळलं त्याच दिवशी नोंद करा. त्यात लायसनचा नंबर लिहा आणि पाकिटात आणखी काय होतं तेही लिहा.

एक सांगणं मात्र कळकळीने. पोलिसांनी किंवा आरटीओच्या पथकाने लायसन जप्त केलं असेल, तर ‘हरवलं’ म्हणून डुप्लिकेटचा अर्ज करू नका. असा सल्ला देणारे लोक आहेत. जप्तीच्या वेळी पावती मिळते, ती सांभाळा आणि ते प्रकरण त्याच्या जागी मिटवा. जप्त लायसनची नोंद सारथीत दिसू शकते आणि मग दंडाच्या साध्या प्रकरणाला खोट्या प्रतिज्ञेचं प्रकरण जोडलं जातं.

नंबर सापडत नाही

लायसनचा नंबर पंधरा अक्षर-अंकांचा असतो. आधी राज्य आणि कार्यालय, म्हणजे पुण्यासाठी एमएच १२, नाशिकसाठी एमएच १५, नागपूरसाठी एमएच ३१. मग लायसन पहिल्यांदा मिळालं ते वर्ष चार आकडी. मग सात आकडे. या सात आकड्यांच्या सुरुवातीला बहुधा शून्यं असतात, आणि जुन्या वहीत नंबर उतरवताना नेमकी तीच गळतात. पोर्टल ‘नोंद सापडली नाही’ म्हणालं की आधी शून्यं मोजा. जन्मतारीखही तपासा. ती शाळेच्या दाखल्यावर एक आणि लायसनवर दुसरी असण्याचे प्रकार जुन्या पिढीत कमी नाहीत.

नंबर शोधायच्या जागा अनेक आहेत. डिजिलॉकरमध्ये आधीच उतरवलेलं लायसन, एखादं जुनं चलान, विम्याच्या दाव्याची कागदपत्रं, कंपनीच्या एचआरकडे दिलेली झेरॉक्स, आंतरराष्ट्रीय परवाना काढला असेल तर त्याची प्रत. काहीच हाती लागलं नाही तर ज्या कार्यालयातून लायसन काढलं तिथे आधार कार्ड घेऊन जा.

जुनं पुस्तकी लायसन असलेल्यांचा प्रश्न वेगळा आहे. हाताने लिहिलेल्या त्या छोट्या पुस्तिकांतल्या सगळ्याच नोंदी संगणकात चढलेल्या नाहीत. अशा वेळी पोर्टलवर कितीही वेळा नंबर टाकला तरी उपयोग नाही. मूळ आरटीओत जाऊन बॅकलॉग नोंद करून घ्यावी लागते, म्हणजे त्यांच्या रजिस्टरवरून तुमची नोंद सारथीत चढवतात. आई-वडिलांकडे अशी पुस्तिका असेल आणि ती हरवलेली नसेल, तर हरवायच्या आत हे काम करून ठेवा. पुस्तिका हातात असताना ते फार सोपं जातं.

नुसतं डुप्लिकेट मागू नका, आधी तारीख आणि पत्ता बघा

डुप्लिकेट म्हणजे जुन्या कार्डाची जशीच्या तशी प्रत. जुन्या कार्डाची मुदत चार महिन्यांत संपणार असेल तर नवीन कार्डाचीही चार महिन्यांतच संपेल. तरीही लोक डुप्लिकेट काढतात आणि चार महिन्यांनी नूतनीकरणासाठी पुन्हा तोच फेरा घालतात.

जुन्या नियमाप्रमाणे खाजगी लायसन वीस वर्षांसाठी किंवा वयाच्या पन्नाशीपर्यंत, यातलं जे आधी येईल तोपर्यंत चालायचं. म्हणजे २००६ मध्ये विशीत काढलेलं लायसन २०२६ मध्ये संपतं. कायद्यातल्या २०१९ च्या दुरुस्तीनंतर हिशेब बदलला. तिशीच्या आत काढलं तर चाळिशीपर्यंत, तीस ते पन्नास या वयात काढलं तर दहा वर्षं, पन्नास ते पंचावन्नमध्ये काढलं तर साठीपर्यंत आणि त्यापुढे दर वेळी पाच वर्षं. नूतनीकरणाचा अर्ज मुदत संपण्याआधी एक वर्षापासून करता येतो. म्हणून सारथीत नोंद उघडली की पहिली नजर मुदतीच्या तारखेवर टाका. ती वर्षभराच्या आत असेल तर डुप्लिकेटबरोबर नूतनीकरणही त्याच अर्जात निवडा. पोर्टल एका अर्जात एकाहून जास्त सेवा घेऊ देतं. चाळिशी ओलांडली असेल तर नूतनीकरणाला डॉक्टरचं प्रमाणपत्र, म्हणजे फॉर्म १-ए लागतो. नुसत्या डुप्लिकेटला तो लागत नाही.

मुदत आधीच संपली असेल तर जास्त सावध राहा. पूर्वी मिळणारी तीस दिवसांची सवलत २०१९ च्या दुरुस्तीत गेली. संपल्यापासून एक वर्षाच्या आत अर्ज केला तर चाचणीशिवाय काम होतं, त्यानंतर गाडी चालवून दाखवावी लागते. कार्ड हरवल्यामुळे तारीखच डोळ्यांसमोर नसते आणि हे वर्ष न कळत निघून जातं. मुदत संपलेल्या लायसनवर गाडी चालवणं म्हणजे कायद्याच्या नजरेत वैध लायसनविना चालवणं, आणि त्याचा दंड पाच हजार रुपयांपर्यंत आहे.

पत्त्याचंही तसंच. शिक्षणाच्या वेळी साताऱ्याला काढलेलं लायसन, आता नोकरी पिंपरीत. नोंदीत साताऱ्याचाच पत्ता राहिला तर नवीन कार्ड स्पीड पोस्टाने तिकडेच जाईल. घर विकलेलं असेल किंवा कुलूप असेल तर पाकीट परत फिरेल. पत्ता बदलला असेल तर तो बदलही त्याच अर्जात घ्या.

आधारचं नाव, ओटीपीचा नंबर

फेसलेस अर्ज अडकतो तो बहुधा इथे. लायसनवर ‘सुनिता रामचंद्र’ आणि आधारवर लग्नानंतरचं नाव, किंवा एकीकडे पूर्ण नाव आणि दुसरीकडे नुसतं आद्याक्षर. नावं जुळली नाहीत की अर्ज पुढे जात नाही. अशा वेळी लोक पुन्हा पुन्हा नवीन अर्ज भरतात आणि जुना अर्ज प्रलंबित असल्यामुळे सिस्टिम नवा घेत नाही. आधी अर्धवट अर्ज रद्द करा, तशी सोय पोर्टलवरच आहे. मग आधारशिवायचा मार्ग निवडून अपॉइंटमेंट घ्या आणि मूळ कागदपत्रांसह आरटीओत जा. एका फेरीत काम होतं.

मोबाइल नंबरकडेही बघा. आधारचा ओटीपी आधारला जोडलेल्या नंबरवर येतो, सारथीचे संदेश सारथीत नोंदवलेल्या नंबरवर. दहा वर्षांपूर्वीचा नंबर आज भलत्याच कुणाकडे असू शकतो, म्हणून तो आधी बदलून घ्या. दुबई किंवा अमेरिकेत राहणाऱ्यांनी भारतातलं सिम चालू ठेवलेलं नसेल तर आधारचा रस्ता तिथेच थांबतो. सुट्टीवर यायच्या आधी हे तपासलं तर सुट्टीतले दिवस वाचतात.

पैसे कापले गेले, पावती नाही

घाबरून लगेच दुसऱ्यांदा पैसे भरू नका. पोर्टलवर पेमेंटची स्थिती पडताळण्याचा पर्याय आहे, तिथे अर्ज क्रमांक टाका. बँकेकडून उत्तर यायला वेळ लागतो आणि अनेकदा पावती थोड्या वेळाने तयार होते. अर्ज क्रमांक मात्र फोनमध्ये आणि कागदावरही लिहून ठेवा, पुढचं सगळं त्यावरच चालतं. फी पैसे भरण्याआधी पडद्यावर दिसते आणि ती काही शे रुपयांची असते. एजंट हजारांत आकडा सांगत असेल तर त्या दोन आकड्यांत किती फरक आहे ते स्वतः बघा.

खोटी संकेतस्थळं आणि एपीके

गुगलवर ‘डुप्लिकेट लायसन’ शोधलं की वर जाहिराती येतात. त्यातल्या काही अगदी सरकारी दिसतात, अशोकस्तंभासकट. खऱ्या परिवहन पोर्टलच्या पत्त्याचा शेवट डॉट जीओव्ही डॉट इन असाच असतो. व्हॉट्सअ‍ॅपवर ‘आरटीओ चलान’ किंवा ‘एमपरिवहन’ नावाची एपीके फाइल, म्हणजे प्ले स्टोअरबाहेरून फोनमध्ये घुसणारं अ‍ॅप, आली तर ती उघडू नका. ती फोनमधले मेसेज वाचते, ओटीपी पळवते आणि खातं रिकामं करते. अ‍ॅप फक्त प्ले स्टोअर किंवा अ‍ॅप स्टोअरवरून घ्या. पैसे गेलेच तर त्याच क्षणी १९३० या सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनवर फोन करा.

कार्ड निघाल्यानंतर

अर्ज मंजूर झाल्याचा संदेश आला म्हणजे कार्ड छापून पोस्टात पडलं असं नाही. छपाईला वेळ लागू शकतो. स्पीड पोस्टाचा क्रमांक मिळाला की इंडिया पोस्टवर माग काढत राहा आणि त्या दिवसांत घरी कुणीतरी राहील असं बघा. कुलूप दिसल्यामुळे पाकीट परत गेलं तर ते संबंधित आरटीओकडे जमा होतं. तिथे ओळखपत्र आणि अर्जाची पावती दाखवून ते घेता येतं, त्यासाठी नवीन डुप्लिकेटचा अर्ज करायची गरज नसते. आणि हरवलेलं जुनं कार्ड कधी सापडलंच, तर ते दुसऱ्या गाडीत ‘असू दे’ म्हणून ठेवू नका, आरटीओत जमा करून पोच घ्या.