काळी स्क्रीन? आधी बायोस तपासा
सिडकोत भाच्याच्या लॅपटॉपवर एम्युलेटरमध्ये, म्हणजे कन्सोलची नक्कल करणाऱ्या प्रोग्रॅममध्ये, जुना प्लेस्टेशनचा गेम सुरूच होईना. गेमची फाइल ठीक होती. नव्हती ती बायोसची फाइल. कन्सोल चालू करताच चिपमधला हा छोटा प्रोग्रॅम आधी जागा होतो, आणि मेमरी कार्ड वाचण्यासारखी काही कामं गेम त्याच्याकडून करून घेतो. पहिल्या प्लेस्टेशनचा बायोस ५१२ केबी, म्हणजे नेमका ५,२४,२८८ बाइट. आकडा जुळला नाही तर फाइल अर्धवट किंवा चुकीची समजा. एम्युलेटर चालवणाऱ्या रेट्रोआर्क या अ‍ॅपमध्ये ती ‘सिस्टम’ फोल्डरमध्ये ठेवा, नाव इंग्रजी लहान अक्षरांत. काही एम्युलेटर बायोसची नक्कल स्वतःच करतात, पण त्यावर सगळे गेम नीट चालत नाहीत. बायोसवर कंपनीचा कॉपीराइट असतो; कुठूनही डाउनलोड करण्यापेक्षा माळ्यावरचा स्वतःचा कन्सोल खाली काढा आणि त्यातूनच कॉपी घ्या.