बौद्धिक अक्षमतेचं निदान करताना या चुका टाळा

बुद्धिचाचण्या घ्यायला शिकणाऱ्या मुलामुलींनी लिहिलेले रिपोर्ट माझ्याकडे तपासायला येतात. मी ते शेवटून वाचायला घेते. शेवटी 'बुद्ध्यांक ५८, सौम्य बौद्धिक अक्षमता' एवढंच असेल आणि आधीच्या पानांत त्या माणसाचा एकही दिवस दिसत नसेल, तर रिपोर्ट परत जातो. कुरकुर होते. होऊ दे. त्याच त्या चुका वर्षानुवर्षं बघून आता तोंडी सांगायचा कंटाळा आलाय, म्हणून एकदाच लिहून ठेवते.

आकडा आला की निदान झालं असं समजणं

या निदानाला तीन पाय लागतात. बौद्धिक क्षमता सरासरीपेक्षा बरीच कमी असणं, रोजच्या जगण्यातली कौशल्यं कमी पडणं आणि हे दोन्ही विकासाच्या वयात सुरू झालेलं असणं. एक पाय मोजायचा आणि उरलेले दोन गृहीत धरायचे, हे आता इतकं रुळलंय की कुणाला त्यात काही वावगं वाटेनासं झालंय. तिशीत डोक्याला मार लागून आकलन मंदावलेल्या माणसाचाही बुद्ध्यांक ६० येईल. त्याचं निदान वेगळं, पुढचे उपायही वेगळे. लहानपणाबद्दल दोन प्रश्न विचारले असते तर ते पहिल्या दहा मिनिटांत कळलं असतं.

आयसीडी-१० मधला, म्हणजे जागतिक आरोग्य संघटनेच्या आजारांच्या वर्गीकरणाच्या दहाव्या आवृत्तीतला, बुद्ध्यांकाचा तक्ता मात्र सगळ्यांना पाठ असतो: ५० ते ६९ सौम्य, ३५ ते ४९ मध्यम, २० ते ३४ तीव्र, त्याखाली अतितीव्र. पाठांतर छान आहे, पण जग पुढे गेलंय. २०१३ साली आलेल्या डीएसएम-५ ने, म्हणजे अमेरिकेतल्या मानसोपचारतज्ज्ञांच्या निदानपुस्तिकेने, तीव्रता ठरवण्याचं काम बुद्ध्यांकाकडून काढून घेतलं आणि जुळवून घेण्याच्या क्षमतेकडे, म्हणजे रोजच्या जगण्यातल्या कौशल्यांकडे दिलं, कारण माणसाला किती आधार लागेल ते तिच्यावरून कळतं. जानेवारी २०२२ पासून लागू झालेल्या आयसीडी-११ मध्ये तीव्र आणि अतितीव्र हे दोन्ही गट सरासरीच्या चार किंवा अधिक प्रमाण विचलनं (एक विचलन म्हणजे बुद्ध्यांकाचे पंधरा गुण) खाली धरलेत. त्या दोघांतला फरक फक्त दैनंदिन वर्तनावरून करायचा, कारण इतक्या खाली चाचण्यांना भरवशाचा फरक दाखवताच येत नाही.

तरीही 'बुद्ध्यांक १७' लिहिलेले रिपोर्ट येतात! वेक्सलरच्या नावाने ओळखल्या जाणाऱ्या सध्याच्या बुद्धिचाचण्यांचा एकूण स्कोअर ४० च्या खाली जातच नाही, मग हा १७ येतो कुठून? मानसिक वय (ज्या वयाच्या मुलांइतकं जमतं ते वय) भागिले खरं वय गुणिले शंभर. मानसशास्त्रज्ञ विल्यम स्टर्नने १९१२ साली मुलांसाठी सुचवलेल्या भागाकारावरचं हे गणित चाळिशीच्या माणसाला लावलं की काहीही निघतं. मानसिक वय काही दरवर्षी वाढदिवस साजरा करत नाही, खरं वय करतं.

बरं, आकडा नीट काढलेला असला तरी तो एका ठिकाणी स्थिर नसतो. ७० म्हणजे साधारण ६५ ते ७५. ही मोजमापाची चूक सगळे शिकतात आणि रिपोर्ट लिहिताना सगळे विसरतात. ६९ ला 'आहे' आणि ७१ ला 'नाही' लिहिणाऱ्याला मी सरळ विचारते, की दोन गुणांत या दोन माणसांच्या जगण्यात काय फरक पडला? चाचणीचे निकष, म्हणजे ज्या लोकांच्या गुणांशी तुलना करून स्कोअर काढतात ते आकडे, जुने असतील तर आणखी गंमत. काळाबरोबर लोकांचे सरासरी गुण वाढत जातात; संशोधक जेम्स फ्लिनच्या नावाने ओळखला जाणारा हा परिणाम दशकाला साधारण तीन गुणांचा धरतात. वीस वर्षं जुन्या निकषांवर आलेला ७४ आजच्या निकषांवर सत्तरीच्या खाली असू शकतो. चाचणीचं नाव लिहिता तशी तिची आवृत्तीही लिहा, एवढंच म्हणणं आहे.

यात मीही शहाणी जन्मले नव्हते. सुरुवातीच्या काळात एका शाळकरी मुलीचा स्कोअर ४९ काढून मी 'मध्यम' लिहून मोकळी झाले होते. तिची आई दारातच म्हणाली होती, "आज जरा पेंगतेय." मी 'हो का' म्हटलं आणि चाचणीचे ठोकळे मांडले. फिट्सच्या औषधाचा डोस चार दिवसांपूर्वी वाढवलेला होता, हे फाइलमध्ये लिहिलेलं होतं. फाइल मी नंतर वाचली. वर्षभराने, औषध बसल्यावर, तीच मुलगी ६३ वर होती. तेवढ्यात तिच्याबद्दलचे बरेच निर्णय माझ्या ४९ वर घेऊन झाले होते.

तेव्हापासून माझी सवय अशी: आधी फाइल, मग झोप, औषधं, चष्मा, कान, आणि मग ठोकळे. पेंगणाऱ्या मुलाला परत पाठवते. लांबून आलेत म्हणून घेऊन टाका, असा आग्रह होतो. मी घेत नाही.

'करतो', 'करू शकतो' आणि 'करू देतात'

जुळवून घेण्याची क्षमता मोजताना हे तीन शब्द वेगळे ठेवायचे. वाइनलँडसारख्या मापनश्रेणीत माणूस एरवी काय करतो ते मोजतात, त्याला सांगितलं तर काय जमेल ते मोजत नाहीत. आई म्हणते, "आंघोळ येते त्याला." म्हणजे? पाणी गरम-गार तो बघतो की तुम्ही काढून देता? साबण लावायला कुणी सांगावं लागतं का? याच्या उलटही घडतं. वीस वर्षांच्या मुलीला एकटीने रस्ता ओलांडता येत नाही, कारण कुणी कधी ओलांडूच दिलेला नाही. दोघांचा स्कोअर सारखा पडेल, अर्थ वेगळा.

प्रश्नावलीवर खुणा करत सुटणारी मुलं हे पकडू शकत नाहीत. दहा मिनिटांत श्रेणी भरून होते म्हणे! मी सकाळी डोळे उघडल्यापासून रात्री दिवा बंद होईपर्यंतचा कालचा दिवस विचारते. नेहमीचा नाही, कालचा. 'नेहमी' विचारलं की लोक कौतुक नाहीतर तक्रार सांगतात, 'काल' विचारलं की खरं सांगतात. मग शाळेतल्या किंवा कामाच्या ठिकाणच्या माणसाला तेच विचारते. दोन्ही दिवस जुळले नाहीत तर खरी माहिती बहुधा त्या फटीतच सापडते.

काही चुकांना एकेक ओळ पुरे. पाच वर्षांखालच्या मुलाला बुद्ध्यांक चिकटवू नका. नीट चाचणी घेता येत नसेल तर 'सर्वांगीण विकासातला विलंब' लिहा आणि पुन्हा तपासा. ऐकू येतं का ते पाहिल्याशिवाय भाषेचा एकही प्रश्न विचारू नका. घरी एक भाषा आणि चाचणी दुसरीत, असं असेल तर तो भाषेचा पेपर झाला. एक उपचाचणी वर आणि दुसरी खोल खाली असेल तर सरासरी काढून झाकू नका; विल्यम्स सिंड्रोम हा जनुकीय विकार असलेली मुलं गोड, भरभरून बोलतात आणि चित्र जुळवताना कोसळतात. तीच चाचणी दोन महिन्यांत पुन्हा घेऊन 'सुधारणा' लिहू नका. आणि 'मतिमंद' हा शब्द आता रिपोर्टमध्ये नको.

'ते त्याच्या मतीमुळेच'

कुठलाही त्रास दिसला की तो अक्षमतेच्याच खात्यात टाकायचा, ही आणखी एक चूक, आणि हिच्यापायी माणसांचे खरोखर हाल होतात. १९८२ मध्ये मानसशास्त्रज्ञ स्टीव्हन रीस आणि सहकाऱ्यांनी मानसतज्ज्ञांना भीतीच्या एकाच त्रासाचं वर्णन वाचायला दिलं. काहींना सांगितलं की या व्यक्तीला बौद्धिक अक्षमता आहे, काहींना तसं सांगितलं नाही. अक्षमतेचं लेबल दिसलं की तीच भीती तज्ज्ञांना कमी गंभीर मानसिक त्रास वाटू लागली. एका निदानाची सावली दुसऱ्यावर पडते. सगळ्यांना हे वाचून माहीत असतं, आणि सगळे करतात.

माझी गोष्ट अशी. डाउन सिंड्रोम असलेले एक गृहस्थ, वय चाळीसच्या आतबाहेर. वर्षानुवर्षं आपलं आपण जिना उतरून कामाला जाणारे. काही महिन्यांपासून जिन्याच्या वरच्या पायरीवर बसून राहायला लागले. हात धरून उतरवायला गेलं की मारायचे. कामावर जाणं बंद, चिडचिड, रात्री तर खोलीबाहेरच येत नसत. मी भेटले, श्रेणी भरली, कौशल्यं घसरली आहेत हे बरोबर टिपलं. रिपोर्टमध्ये लिहिलं: 'हट्टीपणा व आक्रमक वर्तन, स्मृतिभ्रंशाची सुरुवात असण्याची शक्यता.' रिपोर्टचा आधार घेऊन मारणं थांबवायचं औषध सुरू झालं, मग वाढलं. ते थांबले, म्हणजे बसल्या जागी झोपू लागले. सगळ्यांना बरं वाटलं.

पुढच्या भेटीला त्यांची बहीण बरोबर होती. दारापाशी पांढऱ्या फरशीत काळ्या फरशीची एक पट्टी होती. तिथे ते थबकले, पाय पुढे करून चाचपला, आणि मागे आले. बहीण सहज म्हणाली, "घरीही असंच, दारातल्या पट्टीपाशी." दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू होता. पट्टी त्यांना खड्ड्यासारखी दिसत होती, जिना दरीसारखा. डाउन सिंड्रोममध्ये मोतीबिंदू लवकर होतो हे मी परीक्षेत लिहून मार्क मिळवले होते.

स्मृतिभ्रंशाची शंका अगदीच निराधार नव्हती, हे खरं. अल्झायमरशी संबंधित एपीपी जनुक एकविसाव्या गुणसूत्रावर असतं. डाउन सिंड्रोममध्ये ते गुणसूत्र जास्तीचं, त्यामुळे चाळिशीनंतर तो धोका खराच. पण तो शब्द लिहिण्याआधी डोळे, कान, थायरॉइड, झोपेत श्वास अडकणं आणि नैराश्य हे सगळं बघून व्हायला हवं. ऑपरेशननंतर औषध हळूहळू बंद झालं आणि जिना सुरू झाला.

आता 'आक्रमक वर्तन' हे शब्द निदानाच्या रकान्यात दिसले की मी ते खोडते. ते लक्षण आहे, 'पोट दुखतं' इतकंच. दुखरा दात, बद्धकोष्ठता, कानातला संसर्ग, बदललेली काळजीवाहू व्यक्ती, घरातून गेलेलं माणूस: आधी हे. बोलून सांगता न येणाऱ्याला दुखलं तर तो दुसरं करणार तरी काय?

उलटी चूक: जिथे तिथे मनोविकार

सावली टाळायच्या नादात काही जण दुसऱ्या टोकाला जातात. मुलगा एकटाच बडबडतो, म्हणजे त्याला भास होतात, म्हणजे स्किझोफ्रेनिया. थांबा जरा. दिवसभर घडलेलं स्वतःशी मोठ्याने बोलणं, काल्पनिक मित्राशी भांडणं हे त्याच्या विकासाच्या टप्प्याला साजेसंही असू शकतं. पूर्वीपासून असंच आहे का, की नव्याने आणि घाबरून सुरू झालंय, हा पहिला प्रश्न. तो विचारूनही शंका उरली तर जरूर पुढे जा. बाविसाव्या गुणसूत्राचा तुकडा गळालेल्या मुलांत तर स्किझोफ्रेनियाचा धोका खरोखर बराच असतो.

"तुला आवाज ऐकू येतात का?" या प्रश्नाला "हो" मिळालं म्हणून पेनाचं टोपण काढू नका. बऱ्याच जणांना समोरच्याला खूश ठेवायची सवय लागलेली असते, ते सगळ्याला हो म्हणतात. मी तोच प्रश्न उलटा करून विचारते. "इथे खूप शांत असतं ना, कुणाचाच आवाज येत नाही?" यालाही हो आलं, तर मला माझ्या प्रश्नाबद्दल कळलं, माणसाबद्दल काही नाही.

नैराश्यात "मला उदास वाटतं" हे वाक्य येण्याची वाट बघत बसू नका. झोप, भूक, वजन, रडणं, आवडत्या गोष्टीकडे पाठ फिरवणं, आधी येत असलेलं सुटणं हे बघा. अतिचंचलता ठरवताना मुलाची तुलना त्याच्या विकासाच्या पातळीशी करा, वर्गातल्या समवयस्कांशी नको. स्वमग्नता (ऑटिझम) आणि बौद्धिक अक्षमता एकत्र असू शकतात, पण स्वमग्नतेचंही लेबल लावायचं तर सामाजिक संवाद त्याच्या विकासाच्या पातळीपेक्षाही मागे हवा. नुसतं कमी बोलतो म्हणून स्वमग्न, हे चालणार नाही.

आणखी एक राहिलं. रिपोर्ट आई-वडिलांना समजावतात आणि ज्याचा तो आहे त्याला बाहेर बाकावर बसवतात. मी त्याला आत बोलावते, एका वेळी एकच वाक्य सांगते, आणि काय कळलं ते त्याच्या शब्दांत ऐकते. एकाने सगळं शांतपणे ऐकून घेतलं आणि विचारलं, "मग पुढच्या वेळी ते ठोकळे नकोत ना?"

नकोत, म्हटलं.