पेरूचं क्रम्बल, वर ज्वारीचा चुरा

क्रम्बल म्हणजे खाली शिजलेलं फळ आणि वर पीठ, साखर नि बटरचा खमंग भाजलेला चुरा. मूळचा इंग्लंडमधला घरगुती पदार्थ. तिकडे सफरचंद, आलुबुखार किंवा रुबार्ब नावाच्या आंबट देठांचं करतात. यात लाटणं नाही, फुगवणं नाही, अंडंही नाही. तरी पहिल्या खेपेला बहुतेकांचा वरचा थर ओलसर लगदा होतो. त्याची कारणं दोनच असतात: फळातल्या पाण्याचा आधी बंदोबस्त केलेला नसतो, नाहीतर बटर हातातच वितळलेलं असतं. ही दोन सांभाळली तर बाकी थोडं इकडंतिकडं झालेलं खपून जातं.

थंडीत मराठवाड्यातल्या कुठल्याही आठवडी बाजारात पेरूचे ढीग असतात, आणि क्रम्बलसाठी पेरूसारखं फळ नाही. भाजल्यावर फोडी आकार धरून राहतात, वास टिकतो, आणि गराला घट्टपणा आणणारं पेक्टिन त्याच्यात मुळातच भरपूर असतं. त्यामुळे कॉर्नफ्लोअर लागत नाही. सरदार, म्हणजे लखनौ-४९ जातीचे, पांढऱ्या गराचे पेरू उत्तम. साल हिरवट पिवळी, दाबल्यावर जरासा नमणारा, असा पेरू निवडा. घरभर घमघमणारा मऊ पेरू खायला चांगला, पण भट्टीत, म्हणजे ओव्हनमध्ये, त्याचा जॅम होतो.

साधारण २० सेंटिमीटरच्या, ५ सेंटिमीटर खोल भांड्यासाठी, म्हणजे सहा जणांसाठी, हे प्रमाण घ्या. पेरू १ किलो, साखर ६० ग्रॅम, लिंबाचा रस १ मोठा चमचा, सुंठ पाव छोटा चमचा. वरच्या चुऱ्यासाठी मैदा ७५ ग्रॅम, ज्वारीचं पीठ ७५ ग्रॅम, साखर ७५ ग्रॅम, बटर ७५ ग्रॅम, आणि भाजून सोललेल्या शेंगदाण्यांचा जाडसर कूट ४० ग्रॅम. बाजारात सहज मिळणारं पिवळं बटर खारट असतं, ते वापरलंत तर वेगळं मीठ नको. बिनमिठाच्या बटरला दोन चिमूट मीठ घाला. वाटीच्या मापानं इथं फसगत होते, कारण दाबून भरलेल्या आणि सैल भरलेल्या पिठात बराच फरक पडतो. छोटा वजनकाटा असेल तर तोच वापरा. दुसऱ्या फळाला प्रमाण बदलायचं झालं तरी चुऱ्याचं गणित ध्यानात ठेवायला सोपं आहे: पीठ दोन भाग, साखर एक, बटर एक.

ज्वारीचं पीठ शाळूचं आणि ताजं दळलेलं हवं. जुनं पीठ भाकरीलाही कडवट लागतं, आणि बटरबरोबर भाजल्यावर तो कडवटपणा झाकला जात नाही, उलट वर येतो. शंका असेल तर चिमूटभर कोरडं पीठ जिभेवर ठेवून बघा. सगळंच ज्वारीचं घ्यावं असा मोह होतो, पण ज्वारीत ग्लूटेन, म्हणजे पीठ बांधून धरणारा गव्हातला चिकटपणा, नाही. नुसत्या ज्वारीचा चुरा वाळूसारखा मोकळा होतो, गोळ्या धरत नाही आणि फळाच्या रसात उतरतो. ज्यांना गहू चालतच नाही त्यांनी शेंगदाण्याचा कूट दुप्पट करावा आणि एक-दोन छोटे चमचे थंड दूध शिंपडावं. जमतं, पण कुरकुरीतपणा एक पायरी खालीच राहतो.

आधी फळ

पेरू धुऊन, पुसून, चार फाका करा. बियांचा मधला गर चमच्यानं कोरून वेगळा काढा, फेकू नका. सगळी कमाल त्यातच आहे. साल पातळ असेल तर राहू द्या, ती फोडींना धरून ठेवते. जाड, खडबडीत असेल तर सोला. फाकांचे साधारण १ सेंटिमीटर जाडीचे तुकडे करा.

बियांचा गर भगुन्यात १५० मिलिलिटर पाण्याबरोबर दहा मिनिटं झाकून शिजवा, पळीनं घोटा आणि चाळणीतून दाबून गाळा. पुरणाची चाळणी चालते, फक्त तिची भोकं पेरूच्या बीपेक्षा बारीक हवीत. मिक्सर फिरवू नका. बिया फुटल्या की रवाळ कचकच येते आणि ती मग गाळूनही जात नाही. गाळलेल्या गरात साखर आणि लिंबाचा रस घालून मध्यम आचेवर ढवळत आटवा. पळीच्या पाठीवर बोटानं रेघ ओढली आणि ती मिटली नाही, की झालं. आता त्यात फोडी आणि सुंठ घालून पाच-सहा मिनिटं झाकण न ठेवता शिजवा. पेरू सफरचंदापेक्षा उशिरा मऊ होतो. कच्च्या फोडी थेट भट्टीत घातल्या तर वरचा चुरा करपायला येतो तरी खाली फळ करकरीतच राहतं.

आणि आता थांबा. हे मिश्रण भांड्यात ओतून पूर्ण गार होऊ द्या, कोमट नव्हे, गार. गरम फळावर चुरा टाकला की खालचं बटर भट्टीत जाण्याआधीच वितळतं, पीठ रस पितं, आणि मधोमध शिऱ्यासारखा एक थर तयार होतो. हीच चूक सगळ्यात जास्त होते, कारण घाई. फळ आदल्या रात्री शिजवून फ्रिजमध्ये ठेवलं तर फारच बरं. फक्त काचेचं भांडं असेल तर फ्रिजमधून थेट तापलेल्या भट्टीत घालू नका, अर्धा तास बाहेर ठेवा.

चुरा म्हणजे शंकरपाळ्याचं मोहन, पण उलटं

शंकरपाळ्याला किंवा करंजीला कडकडीत मोहन घालून पीठ चोळायचा हात ज्यांना आहे, त्यांना हे नवीन नाही. फरक एवढाच की इथं स्निग्ध पदार्थ थंड हवा. बटरचे शेंगदाण्याएवढे तुकडे करून अर्धा तास फ्रीझरमध्ये ठेवा, किंवा कडक गोठवून खिसणीवर खिसा. परातीत दोन्ही पिठं आणि साखर कालवून घ्या, बटर घाला आणि फक्त बोटांच्या टोकांनी, तळहात न लावता, उचलून उचलून चोळा. दोन-तीन मिनिटं पुरे. मूठ दाबली की मुटका वळावा आणि टिचकी मारली की फुटावा. काही गोळ्या वाटाण्याएवढ्या, काही रव्याएवढ्या, असं विषम राहिलं पाहिजे; एकसारखं झालं तर जास्त चोळलं गेलं. शेवटी शेंगदाण्याचा कूट घालून हलक्या हातानं मिसळा.

थंड कशासाठी? बटरचे बारीक कण पिठात अख्खे राहिले तर भट्टीत ते वितळताना आजूबाजूचं पीठ तळल्यासारखं होतं आणि मध्ये मोकळी जागा उरते, तिथून कुरकुरीतपणा येतो. आधीच वितळलं तर पीठ मळल्यासारखा एक सलग गोळा होतो आणि भाजल्यावर बिस्किटाची फरशी तयार होते. मराठवाड्यात एप्रिल-मेमध्ये पारा चाळिशीपार जातो तेव्हा हे चोळकाम भल्या सकाळी करा, परातही आधी फ्रिजमध्ये ठेवा, आणि तयार चुरा वापरेपर्यंत फ्रीझरमध्ये राहू द्या.

साजूक तुपात करायचं असेल तर ७५ ऐवजी ६० ग्रॅम तूप घ्या. बटरमध्ये सुमारे १६ टक्के पाणी असतं, तुपात ते जवळजवळ नसतं. तितकंच तूप घेतलं तर चुरा तेलकट होऊन खाली ओघळतो. तूप थिजलेलं हवं, आणि गोळ्या धरायला वरून एक-दोन छोटे चमचे बर्फाचं पाणी शिंपडावं लागतं. वास मात्र बेसनाच्या लाडवाच्या वळणाचा येतो, आणि पेरूला तो शोभतो. घरचं ताजं लोणी टाळा. त्यातलं ताक आणि पाणी किती, याचा अंदाज येत नाही.

भाजणं

ओटीजी, म्हणजे घरातला विजेचा छोटा ओव्हन, १८० अंशांवर, वरचा-खालचा असे दोन्ही रॉड लावून, किमान दहा मिनिटं आधी तापवा. गार फळावर चुरा सैल हातानं पसरा, जाडी एक ते दीड सेंटिमीटर. दाबायचं नाही, थापायचं नाही. वाफ वर यायला वाट हवी. भांडं मधल्या जाळीवर ठेवा. लहान ओटीजीत वरचा रॉड फार जवळ येतो, म्हणून पहिली १५ मिनिटं फक्त खालचा रॉड, नंतर दोन्ही. एकूण ३५ ते ४० मिनिटं. पंखा चालू असेल तर १६५ अंश पुरतात.

रंगावर एकट्यावर विसंबू नका. कडेनं रस उकळून वर येतो आणि बुडबुडे संथ, जाडसर फुटतात, ती खरी खूण. बुडबुडे भराभर आणि पातळ असतील तर आणखी पाच मिनिटं. वर करपायला लागलं असेल तर ॲल्युमिनियम फॉइल सैल ठेवा. बाहेर काढल्यावर १५ ते २० मिनिटं तसंच उघडं राहू द्या. रस याच वेळात घट्ट होतो. गरम असताना झाकण ठेवलं की वाफेचं पाणी वर पडून केलेली मेहनत जाते. साध्या ॲल्युमिनियमच्या टिनमध्ये भाजलं असेल तर उरलेलं काचेच्या किंवा स्टीलच्या डब्यात काढा, लिंबाच्या आंबटपणानं धातूची चव उतरते.

कुकरमध्ये किंवा मीठ तापवलेल्या कढईत केक होतो, मग क्रम्बल का नाही? कारण वरून आच नाही आणि वाफ झाकणाला लागून थेंब थेंब खाली येते. चुरा पांढुरका आणि दमट राहतो. ओटीजी नसेल तर वेगळा रस्ता धरा: फळ गॅसवरच पूर्ण मऊ शिजवा, चुरा जाड बुडाच्या कढईत अगदी मंद आचेवर १२ ते १५ मिनिटं उलथन्यानं सावकाश परता, बदामी झाला की ताटात पसरून गार करा, आणि वाढताना फळावर घाला. हे नावाला क्रम्बल नसलं तरी चव नव्वद टक्के तीच. भाजता भाजता वीज गेली तर ओटीजीचं दार उघडू नका, आतली धग काही वेळ टिकते. वीज अर्ध्या तासाच्या पुढे गेली तर वरचा अर्धवट चुरा चमच्यानं काढून हीच कढई वापरा.

दुसरी फळं

केसर आंब्याचं क्रम्बल चांगलं होतं, पण आंबा पूर्ण पिकलेला नको. घट्टसर ७०० ग्रॅम फोडींना ३० ग्रॅम साखर, लिंबू आणि दीड मोठा चमचा कॉर्नफ्लोअर चोळा. आधी शिजवायचं नाही. आपल्याकडे मिळणारी सफरचंदं गोडच असतात, त्यांना लिंबू दीडपट घाला. केळी सपशेल नको, भट्टीत त्यांचा लगदा होतो. जालन्याची मोसंबी फोडी करून घालायची नसते, नुसतं पाणी होतं. पण तिची वरची साल अर्धा चमचा खिसून चुऱ्यात घातली तर वास सुरेख येतो. खाली पांढरा भाग लागला की कडू, म्हणून खिसणी हलकीच फिरवा.

सीताफळ भट्टीत घालूच नका, तापवलं की गर कडवट होतो. ते बाजूला थंड घ्यायचं. इंग्रज लोक क्रम्बलवर कस्टर्ड ओततात. बालाघाटच्या डोंगरातली सीताफळं आणि हंगामातले पहिले पेरू बाजारात एकत्र दिसतात तेव्हा कस्टर्डची गरज काय? एक लिटर दूध निम्म्यावर आटवा, दोन मोठे चमचे साखर घाला, फ्रिजमध्ये थंड करा, मगच बिया काढलेला एक वाटी गर मिसळा. गरम क्रम्बलवर ही थंडगार बासुंदी घाला, पण ताटलीत वाढल्यावर, भांड्यात नाही.

उरलेलं फ्रिजमध्ये तीन दिवस राहतं. पुन्हा गरम करताना मायक्रोवेव्ह नको, त्यात चुरा मऊ पडतो. ओटीजीत १६० अंशांवर दहा मिनिटं द्या. कच्चा चुरा मात्र पिशवीत भरून फ्रीझरमध्ये महिनाभर खुशाल ठेवा, आणि वितळू न देता तसाच फळावर टाका.